सातावर सगळ्यांचा डोळा

गोकुळाष्टमी, मध्यरात्र उलटून गेलेली. दांडिया बाजार, बडोदं.

घसा पार बसलाय. कृष्णजन्माच्या आरतीला आवाज फुटेना, कारण त्याआधी दोन-अडीच तास ‘आठ, आठ, आठ!’ म्हणून ओरडण्यात तो संपून गेला होता. झोप काही येत नाही, कानात अजून फासे वाजताहेत. म्हणून हे सगळं आजच लिहून ठेवते.

सातम-आठमला गुजरातेत घरोघरी पत्ते निघतात. शेजारीपाजारी, नातेवाईक, कुठे कुठे अख्खी सोसायटी तीन पत्तीला बसते, आणि दुसऱ्या दिवशीच्या पेपरात कुठल्या तरी धाडीची बातमी असतेच. बडोद्यात वाढल्यामुळे लहानपणापासून हे बघत आले, पण आमच्याकडे पैशाचा डाव कधी मांडला गेला नाही. आई दिवाळीलासुद्धा फार तर गड्डा झब्बू खेळू द्यायची. त्यामुळे रावपुऱ्यातल्या मैत्रिणीने ‘अष्टमीला या, घोडे पळवायचेत’ असं सांगितलं तेव्हा आधी मी विचारलं, ‘पैसे लावायचे नाहीत ना?’ ती म्हणाली, ‘चिंचोके लावायचेत.’

घोड्यांच्या शर्यतीचा हा पट तिच्या मुलीने बनवलाय. बारावी सायन्सला आहे, आणि अभ्यासातून वेळ काढून हे केलंय. ‘रेडी सेट बेट’ नावाचा २०२२ साली आलेला एक परदेशी खेळ आहे, जॉन डी. क्लेअर यांनी रचलेला. त्याच्या धर्तीवर तिने पुठ्ठ्यावर मैदान आखलं, आणि घोडे म्हणून दिवाळीच्या किल्ल्यावरचे मातीचे घोडेस्वार मावळे खोक्यातून काढले. प्रत्येकाच्या पाठीवर आकडा चिकटवलेला. घोडे नऊ. दोन फाशांची बेरीज जेवढी, त्या आकड्याचा घोडा एक घर पुढे. दोन आणि तीन मिळून एक घोडा, अकरा आणि बारा मिळून एक, बाकी चार ते दहा एकेकटे.

यात कुणाची पाळी येण्याची वाट बघायची नसते, आणि मला सगळ्यात आवडलं ते हेच. मुलगी पंच म्हणून बसली आणि भराभर फासे टाकत सुटली. घोडे पळताहेत, आणि त्याच वेळी आपण आपले चिंचोके पैजेच्या तक्त्यावर ठेवायचे. हा घोडा पहिला येईल, पहिल्या दोघांत येईल, किंवा पहिल्या तिघांत येईल, असे रकाने. पैज जिंकली तर पहिल्या रकान्याला सर्वांत जास्त पट चिंचोके मिळतात, तिसऱ्याला सर्वांत कमी. एका घरात एकाचाच चिंचोका, आणि एकदा ठेवला की उचलायचा नाही. तीन घोडे लाल रेघ ओलांडून गेले की पैजा बंद.

म्हणजे थांबावं तर घोड्याचा रंग कळतो, पण तोवर चांगली घरं भरून जातात. आधी ठेवावं तर घर मिळतं, पण घोडा अजून जागचा हललेला नसतो. या दोन्हींच्या मधला क्षण पकडायचा, आणि तो प्रत्येकाला वेगळा वाटतो. माझा नवरा वकील आहे, त्याने लगेच सांगितलं की १९९६ साली सुप्रीम कोर्टाने घोड्यांची शर्यत हा मुख्यतः कौशल्याचा खेळ मानला, कारण घोड्याचं कूळ, जॉकी, धावपट्टी हे सगळं अभ्यासून पैज लावता येते. मातीच्या घोड्याला ना कूळ ना जॉकी, तरी मला वाटतं आमच्या पटावरही कौशल्य होतं. घोडा कुठला हे नशीब, पण कुठल्या भावाला आणि केव्हा घ्यायचा हे डोकं.

पहिल्या शर्यतीत सगळे सातावर तुटून पडले. दोन फाशांच्या छत्तीस जोड्यांपैकी सहांची बेरीज सात येते. सहा आणि आठ पाच-पाच जोड्यांनी, पाच आणि नऊ चार-चार, आणि कडेचे चारही घोडे तीन-तीन जोड्यांनी. सात हा घरातलाच घोडा असल्यासारखे सगळे बिनधास्त होते. पण या खेळात एक नियम आहे: तोच घोडा लागोपाठ दोनदा आला की त्याला वरची घरं बक्षीस मिळतात, कडेच्या दुबळ्या घोड्यांना सर्वांत जास्त आणि साताला एकही नाही. चार नंबरचा घोडा दोनदा असा उडाला की खोलीत एकच कल्लोळ झाला. शेजारच्या बेन रांधण छठचे, म्हणजे सातमच्या आदल्या दिवशी करून ठेवलेले, बाजरीचे वडे घेऊन नुसत्या बघायला आल्या होत्या, त्यांनी ताटली खाली ठेवली आणि मुठीतले चिंचोके थेट चारावर लावले. चार दुसरा आला. त्यानंतर बेन उठल्याच नाहीत.

दुसऱ्या शर्यतीत जे झालं ते मला जपून लिहायचंय. मैत्रीण आणि तिची नणंद यांच्यात मांडवीजवळचा जुना वाडा विकण्यावरून बरेच महिने अबोला आहे. सणाला एकमेकींकडे जातात, पण ‘चहा घेता?’ ‘घेते’ एवढंच. नणंदेने दहाच्या पहिल्या रकान्यात चिंचोके ठेवले होते, मैत्रिणीने दहाच्याच दुसऱ्या रकान्यात, आणि दोघींनी हे एकमेकींना न विचारता केलं होतं. दहा मागे पडला, मग दोनदा लागोपाठ आला, मग आठाच्या अगदी बरोबरीला. तेव्हा मैत्रीण ओरडली, ‘वन्सं, आलाच आपला!’ आणि नणंदेने तिचा हात घट्ट धरला. दोघी पटावर ओणव्या होऊन फाशांना हाका मारत होत्या. दहा जिंकला. वाड्याचं काही मिटलंय असं मी म्हणत नाही. पण ‘आपला’ हा शब्द तिच्या तोंडून मी खूप दिवसांनी ऐकला.

सारीपाटात किंवा ल्यूडोत आपली सोंगटी ती आपली, आणि समोरच्याची मारायची. इथे घोडा कुणाच्याच मालकीचा नाही. मी ज्याच्यावर आशा लावली त्याच्यावर तूही लावलेली असतेस, दुसऱ्या घोड्यावर माझ्या विरुद्ध असतेस, आणि फासे पडतील तसतसे पक्ष बदलत राहतात. एका शर्यतीत तीन वेळा माझ्या बाजूचे लोक बदलले. भांडायला कुणी उरतच नाही, कारण घोडा हरला तरी तो कुणी हरवलेला नसतो. मैत्रीत असा खेळ हवा असं मला फार मनापासून वाटतं. आम्हा सगळ्यांच्या चाळिशीत नोकऱ्या, मुलांचे मार्क, सासू-सासऱ्यांची दुखणी यांमुळे भेटी विचारपूस करण्यापुरत्या झाल्यात, एका बाजूला उभं राहून मोठ्याने ओरडण्याची जागाच कुठे नसते.

अण्णा, म्हणजे मैत्रिणीचे सासरे, कोपऱ्यात आरामखुर्चीत होते. ‘अण्णा, तुम्ही कुठला घेता?’ असं विचारल्यावर म्हणाले, ‘आमच्या बडोद्याच्या घोड्याचं नाव माहितीय का तुम्हाला?’ आणि मग पुढचा अर्धा तास कुणी फासे टाकले नाहीत. त्यांचे वडील संस्थानच्या खानगी खात्यात, म्हणजे राजघराण्याच्या खासगी कारभारात, कारकून होते, त्यामुळे या गोष्टी त्यांनी घरात ऐकलेल्या.

बडोद्याचे तेव्हाचे महाराज, थोरल्या सयाजीरावांचे नातू प्रतापसिंहराव गायकवाड यांना घोड्यांचा जबरदस्त नाद. १९४३ साली मुंबईला पहिली इंडियन डर्बी ही मानाची शर्यत झाली, ती जिंकणारी प्रिन्सेस ब्यूटिफुल ही घोडी त्यांची. १९४५ मध्ये त्यांनी इंग्लंडात एक शिंगरू २८,००० गिनींना (गिनी म्हणजे पौंडाहून किंचित जास्त) घेतलं, आणि तो त्या वेळचा विक्रम होता. त्या वर्षीची इंग्लंडची डर्बी, जी युद्धामुळे न्यूमार्केटला झाली होती, ती जिंकलेल्या दान्तेचा तो सख्खा भाऊ. शिंगराचं नाव ठेवलं सयाजीराव.

१९४७ची एप्सम डर्बी अण्णांनी घोड्यागणिक सांगितली. ट्यूडर मिन्स्ट्रेलने आधीची ‘दोन हजार गिनीज’ नावाची शर्यत आठ लांब्यांनी, म्हणजे आठ घोड्यांच्या लांबीएवढ्या अंतराने, मारली होती, त्यामुळे डर्बीत सगळा पैसा त्याच्यावर. भाव ४ ला ७, म्हणजे सात लावले तर नफा फक्त चार. तो आला चौथा. जिंकला पर्ल डायव्हर, ज्याचा भाव एकाला चाळीस होता. दुसरा मिगोली, आणि तिसरा आपला सयाजीराव. पुढे सयाजीरावने आयरिश डर्बी मारली, आणि सप्टेंबरात डॉनकास्टरची सेंट लेजर, अवघ्या एका मुंडीने. देश स्वतंत्र होऊन महिनाही झाला नव्हता. पुढच्या वर्षी माय बाबू या त्यांच्याच घोड्याने दोन हजार गिनीज जिंकली.

मला हे सारं पहिल्यांदाच कळलं. काळा घोडा चौकातल्या पुतळ्यावरून रोज जाते, वर घोड्यावर बसलेले थोरले सयाजीराव रोज दिसतात, पण त्यांच्या नावाचा खराखुरा घोडा इंग्लंडात पळाला हे शाळेत कुणी सांगितलं नव्हतं. ऐकताना अभिमान वाटला, आणि त्याच्या पाठोपाठ मन खट्टूही झालं. ज्यांनी १९०६ मध्ये सबंध संस्थानात प्राथमिक शिक्षण सक्तीचं आणि मोफत केलं, त्यांच्या नातवाने रयतेचा पैसा घोड्यांवर उधळला, हा आरोप तेव्हाही झाला आणि तो मला खोटा वाटत नाही. १९५१ साली भारत सरकारने प्रतापसिंहरावांची राजेपदाची मान्यता काढून घेतली. मात्र आजोबांच्या नावाचं विद्यापीठही १९४९ मध्ये त्यांच्याच काळात उभं राहिलं, आणि मी तिथेच शिकले. अण्णांना मी हे बोलून दाखवलं. ते एवढंच म्हणाले, ‘घोड्याचा काय दोष?’ घोडा खरंच गुणी होता, ते मला मान्य आहे.

तेवढ्यात मुलीने नवा पट पुढे सरकवला. तिचं म्हणणं, सगळे घोडे समान पाहिजेत, म्हणून ज्याच्या जितक्या जोड्या तितकी त्याची वाट लांब: साताला बारा घरं, सहा-आठाला दहा, पाच-नवाला आठ, कडेच्यांना सहा. बक्षिसाची घरं न धरता हिशोबाने प्रत्येकाला शेवटाला पोचायला सरासरी सारखीच दानं लागतात. आम्हाला वाटलं, आता खरा न्याय झाला. पण कडेचेच घोडे पुढे यायला लागले. अकरा-बाराचा, मग चाराचा, मग पुन्हा अकरा-बाराचा. आमच्याकडे चिंचोके उरेनात.

कारण तिनेच उलगडलं. सरासरी सारखी असली तरी चढउतार सारखे नसतात. ज्याला बारा वेळा नशीब लागतं त्याचं चांगलं-वाईट आपोआप एकमेकांत मिसळून जातं, तो साधारण वेळेवरच पोचतो. ज्याला सहाच वेळा लागतं तो कधी फार उशिरा, तर कधी फार लवकर. शर्यत तर सर्वांत आधी येणाऱ्याची असते, उशिरा येणाऱ्याचे हाल कोण मोजतो? म्हणून लहरी घोडे जिंकतात. सोळा-सतरा वर्षांची मुलगी हे चिंचोके मांडून समजावत होती आणि आम्ही सगळे वाकून बघत होतो. खरा न्याय करायचा तर कडेच्यांना थोडी जास्त घरं द्यावी लागतील, किती ते ती कागदावर काढणार आहे. मला ती मुलगी फार आवडते.

पुढच्या रविवारी टोटची पद्धत करून बघायची ठरलीय. रेसकोर्सवर असते तशी: सगळ्यांचे चिंचोके एका डब्यात, आणि जिंकलेल्या घोड्यावर ज्यांनी लावलेत त्यांच्यात ते वाटायचे. पॅरिसच्या जोसेफ ओलेरने एकोणिसाव्या शतकात ही पद्धत काढली. यात भाव कुणी ठरवत नाही, गर्दीच ठरवते. सातावर सगळे गेले की सात जिंकूनही हातात जवळजवळ आपलेच चिंचोके परत. बेन म्हणाल्या, ‘हवे तो हुं एकलीज बार पर लगावीश.’ म्हणजे, आता मी एकटीच बारावर लावीन. त्यांचा हिशोब बरोबर आहे.

डबा अण्णांकडे असणार. नुसत्या आकड्यांना हाका मारायला त्यांना आवडत नाही, घोड्यांना नावं हवीत. साताला ट्यूडर मिन्स्ट्रेल हे त्यांनी आजच पक्कं केलं. सयाजीराव कुठल्या आकड्याला द्यायचं यावर मात्र एकमत झालं नाही. नणंदेला दहा हवा, मैत्रिणीचंही तेच मत. बेन बारा सोडायला तयार नाहीत, आणि मी आठासाठी अडून बसलेय.