सात मार्क कमी पडले तेव्हा

2017 मध्ये आम्ही दोघी बहिणी चिपळूणहून डोंबिवलीला आलो. मी सीएच्या आर्टिकलशिपसाठी, म्हणजे सीएच्या हाताखालच्या उमेदवारीसाठी, ताई माझ्या सोबतीला. मी रोज फोर्टला जायचे. ताईने शेजारणीच्या ओळखीने एका घरी पोळ्या करायला सुरुवात केली आणि दीड वर्षात छोटा गाळा भाड्याने घेऊन पोळी-भाजी केंद्र काढलं.

मे 2022 मध्ये मी सीएच्या शेवटच्या परीक्षेचा, फायनलचा, पहिला ग्रुप दिला. प्रत्येक पेपरात 40 मार्क तर हवेतच, शिवाय तेव्हा ग्रुपच्या चार पेपरांची बेरीज 200 व्हावी लागायची. मला चारही पेपरांत 40 च्या वर मिळाले, पण बेरीज 193! एखाद्या पेपरात 60 असते तर पुढच्या वेळी तेवढा तरी सुटला असता. तेही नव्हतं. चारही पुन्हा द्यायचे.

निकाल पाहून तशीच उठून गाळ्यावर गेले. ताईच्या अंगठ्याच्या पेराला भाजल्याचा काळा डाग आहे, तो तेवढा दिसत राहिला. तिने काही विचारलं नाही. परात पुढे सरकवून म्हणाली, "कणिक तिंब."

निकालाच्याच महिन्यात एका ऑफिसची डब्यांची ऑर्डर आली, पण त्यांना एफएसएसएआयचा, म्हणजे सरकारी अन्नसुरक्षा प्राधिकरणाचा, नंबर हवा होता. ताईला सरकारी कागदांची धास्ती. मी म्हटलं, फॉर्म मी भरते. वर्षाची उलाढाल 12 लाखांच्या आत असली तर तेव्हा परवाना लागत नसे, साधी नोंदणी पुरायची. फी वर्षाला 100 रुपये होती. पण उलाढाल किती, हे तिलाच माहीत नव्हतं. तिने डायरी दिली. रोजच्या पोळ्यांचा आकडा, भाजी, उधारी, सगळं पेन्सिलीने लिहिलेलं. दोन रात्री बसून बेरीज केली: 9 लाख 40 हजार. मी तोवर ह्याला "ताईचा जोडधंदा" म्हणत होते, त्याची फार लाज वाटली. मध्येमध्ये गॅस, गाळाभाडं ह्यांच्याच ओळीत लिहिलेलं होतं, "धाकटीचा क्लास", "धाकटीचा फॉर्म".

ऑनलाइन अर्ज केला, फोटो आणि ओळखपत्र जोडलं. थोड्याच दिवसांत 14 आकडी नंबर आला. ताईने प्रमाणपत्र फ्रेम करून तव्यापासून लांबच्या भिंतीवर लावलं, धूर लागू नये म्हणून.

नोव्हेंबरात पुन्हा बसले. पहाटे तिच्यासोबत उठून गाळ्याच्या ओट्यावरच वाचायचे. जानेवारी 2023 मध्ये निकाल लागला, बेरीज 219. ताईचे हात पिठाचे होते. ते पदराला पुसून तिने डायरी ओढली आणि त्या दिवशीच्या पोळ्यांच्या आकड्याखाली पेन्सिलीने लिहिलं, 219.