खंड्याच्या नाकावरची तार

खंड्या नावाच्या कुत्र्याचा कार्टूनपट मी कागदावर एकेक चित्र काढून करतो आहे. मागच्या नोंदीत कागद थरथरण्याची कुरकुर केली होती, ती आता मिटली आहे. पंचिंग मशीनने कागदांना पाडलेली भोके, कागद जागी धरणाऱ्या खुंट्यांवर सैल बसत होती. खुंट्यांना सेलोटेपचा एकच वेढा दिला आणि चित्रे जागची हलेनाशी झाली. त्या आनंदात रविवारी कुंपणाचा प्रसंग चित्रित केला, आणि चालवून पाहतो तर कुंपणाची तार खंड्याच्या पांढऱ्या नाकावरून आरपार गेलेली.

दोष पद्धतीतच आहे. १९२० च्या दशकात न्यूयॉर्कच्या सलिव्हन स्टुडिओत कार्टूनपटांतला फेलिक्स बोका कागदावर काढत आणि पार्श्वभूमीचा सेल, म्हणजे पारदर्शक पत्रा, त्याच्यावर ठेवत. माझेही तसेच: कुत्रा खाली, पार्श्वभूमी काढलेली ओएचपी शीट (प्रोजेक्टरसाठीची पारदर्शक प्लॅस्टिक शीट) वर. पार्श्वभूमी एकदाच काढून भागते, पण पात्र तिच्या पुढे येऊ शकत नाही. मग फेलिक्सच्या अंगावर रेघा का खुपत नाहीत, हे पाहण्यासाठी जुने लघुपट एकेक फ्रेम थांबवत पाहिले. फेलिक्स काढणाऱ्या ऑटो मेस्मरने त्याला भरीव काळा केला तो बाह्यरेषांचे काम वाचावे म्हणून. पण काळ्या अंगावर काळी रेघ आपोआप गडप होते, हा त्याचा दुसरा लाभ. उरतो पांढरा चेहरा, आणि क्षितिज इतके खाली असते की तो बहुधा मोकळ्या आकाशातच राहतो. माझा खंड्या बुटका, तार नेमकी तोंडाच्या उंचीवर.

तार खाली घेऊन सगळे पुन्हा चित्रित करायचे ठरवले आणि नवी शीटही कापली. (शीट जाडच घ्यावी, पातळ आणि स्वस्त शीट दमट हवेत कागदाला चिकटते.) पण हे लिहितानाच वाटते आहे की चूक तशीच ठेवावी. फेलिक्स डोक्यावरच्या प्रश्नचिन्हाचा अडकवायचा आकडा (हुक) करतो, तर खंड्याने नाकावरची तार का सोडावी? त्याने तिरळ्या डोळ्यांनी तिच्याकडे बघावे, तेच चित्र पूर्ण सेकंदभर धरावे, आणि मग तार उपटून, तिचा फास करून पलीकडचे हाडूक ओढून घ्यावे.

अडचण एकच आहे. तो तार उपटतो त्या फ्रेमला शीट बदलून बिनतारेची लावावी लागेल आणि तिथून पुढे तार कागदावर काढावी लागेल. शीटवरच्या मार्करची रेघ जाड, कागदावरच्या शाईची बारीक. आज रात्री तीन-चार निबा घेऊन ती जाडी जुळवायला बसतो आहे.