मनीच्या कानातला काळा चोथा

परभणीला आमच्या घरी मनी मांजर, तिची दोन पिल्लं आणि अंगणात टिप्या कुत्रा, असा संसार आहे. गेल्या उन्हाळ्यात, पिल्लं तीन महिन्यांची असताना, मनी सारखी मान तिरकी करून कान झटकायला लागली. रात्री कूलरच्या आवाजातही तिच्या कानांची फटफट ऐकू यायची. मागच्या पायानं इतकं ओरबाडायची की कानामागचे केस गेले आणि खपली धरली.

बॅटरी मारून आत पाहिलं, तर चहा गाळल्यावर गाळणीत राहतो तसा काळपट चोथा. मळ समजून मी बड्स घातली. ती माझी मोठी चूक. मांजराच्या कानाची नळी आधी खाली जाते आणि मग आत वळते, त्यामुळे बड्सनं मळ निघत नाही, आणखी आत ढकलला जातो.

शेजारचे काका मदतीला धावले. "सूनबाई, बैलाचं गोचिडाचं औषध हाय माझ्याकडं. दोन थेंब सोड, उद्या सगळं साफ." बाटलीवर सायपरमेथ्रिन लिहिलेलं होतं. नशीब, आधी डॉक्टरांना फोन लावला. ते म्हणाले, "मांजराला अजिबात नको!" या गटातली औषधं मांजराच्या यकृताला नीट पचवता येत नाहीत. अंग थरथरतं, झटके येतात, जीवही जातो. आपल्याकडं गोठा असलेल्या घरात ही बाटली असतेच, म्हणून हे मुद्दाम सांगतेय. रॉकेल किंवा कापराचं तेलही नको.

मग जवळच्या दवाखान्यातून कानात टाकायचे थेंब आणले. आठ दिवसांत खाज थांबली, तसे मी ते बंद केले. तीन आठवडे होतात न होतात तोच फटफट पुन्हा सुरू.

यावेळी मनीला पिशवीत घालून पशुवैद्यकीय महाविद्यालयाच्या दवाखान्यात नेलं. टॉवेलात गुंडाळून मी धरली. डॉक्टरांनी कानाच्या आतल्या बाजूला नुसतं बोट फिरवलं, तर तिचा मागचा पाय हवेतच खाजवल्यासारखा हलायला लागला. पडदा शाबूत आहे का, ते त्यांनी आधी पाहिलं, कारण पडदा फाटलेला असताना काही थेंब आतल्या कानाला इजा करतात. मग कापसावर थोडा चोथा घेऊन काळ्या कागदावर झटकला आणि भिंग माझ्या हातात दिलं. मिठाच्या कणाहून बारीक पांढरे ठिपके होते. त्यातला एक चालत होता. माझ्या अंगावर काटा आला.

हे माइट्स, म्हणजे कानात राहणारे बारीक किडे; शास्त्रीय नाव ओटोडेक्टिस सायनोटिस. ते कातडी पोखरत नाहीत, कानात वरवरच राहतात, पण खाज जीवघेणी असते. कान ओला, पिवळट आणि घाण वास मारणारा असेल तर जंतूंचा किंवा बुरशीचा संसर्ग असू शकतो. त्याचं औषध वेगळं. म्हणून तपासल्याशिवाय थेंब आणू नयेत.

पुन्हा का झालं, तेही तिथंच कळलं. औषधानं किडे मरतात, अंडी तगतात, आणि अंड्यापासून पूर्ण वाढ व्हायला जवळपास 3 आठवडे लागतात. मी मधेच थांबले होते. डॉक्टरांनी विचारलं, "घरात आणखी कोण कोण आहे?" मी टिप्याचं नाव घेतलं, पण तो तर फारसा खाजवतही नव्हता. दुसऱ्या दिवशी त्याला नेलं, त्याच्याही कानात तेच निघालं.

मग चौघांचं वजन करून, ज्याच्या त्याच्या मापानं, एकाच दिवशी मानेवर सेलामेक्टिन या किडे मारणाऱ्या औषधाचे थेंब टाकले. महिन्यानं पुन्हा. मधल्या काळात डॉक्टरांनी दिलेल्या द्रावणानं कान साफ करत राहिले. मनी जिच्यावर झोपते ती वाकळ आणि टिप्याचं पोतं गरम पाण्यात धुऊन कडक उन्हात टाकलं.

दुसऱ्या डोसच्या दिवशी मनीच्या कानातलं पुन्हा काळ्या कागदावर झटकलं. भिंग धरून मी किती तरी वेळ पाहत बसले. काहीच हललं नाही.