उललेलं बोंड

सकाळी साडेनऊला हरितगृहातून निरोप आला, "व्हिलोसमचं बोंड उललंय." कपाशीचं बोंड उललं की वेचणी सुरू होते. ऑर्किडच्या प्रयोगशाळेत मात्र त्या दिवसाची सगळी मांडणी मोडते.

पॅफिओपेडिलम व्हिलोसम हे स्लिपर ऑर्किड. मिझोरमच्या डोंगरांपासून म्यानमार, थायलंड, व्हिएतनामपर्यंतच्या दमट जंगलांत, झाडांच्या बेचक्यांतल्या शेवाळात आणि कुजलेल्या पाल्यात वाढणारं. फुलासाठी मुळासकट ओरबाडलं गेल्यामुळे निसर्ग संवर्धनाचं काम करणाऱ्या आययूसीएन या आंतरराष्ट्रीय संघटनेच्या यादीत ते धोक्यात आलेल्या जातींमध्ये आहे. १९७२ च्या वन्यजीव संरक्षण कायद्यानुसार लागवडीलाही परवाना लागतो. म्हणून एकेका बोंडाला मोल.

शिवाय बोंड आपसूक धरत नाही. जंगलात होव्हरफ्लाय माश्या फुलाच्या मधल्या चकचकीत उंचवट्यावर उतरायला जातात, पाय घसरून पिशवीत पडतात आणि बाहेर निघताना आधी कुक्षीला, मग परागाला घासून जातात. मध मिळत नाही, फसवणूकच ती. आमच्याकडे माशीचं काम दातकोरणी करते. पिशवी काढून टाकायची, बाजूच्या दोन पुंकेसरांपैकी एकाचा मधासारखा चिकट पराग टोकावर घ्यायचा आणि ढालीमागे, म्हणजे मधल्या वांझ पुंकेसरामागे, खाली वळलेल्या कुक्षीवर दाबायचा. कुक्षी समोरून दिसत नाही. नवा माणूस हमखास ढालीलाच पराग फासतो.

बी पेरायचं ते बोंड हिरवं असतानाच, सातव्या महिन्याच्या आसपास. बंद बोंडाच्या आत सगळं निर्जंतुक असतं. साबणाने घासायचं, ७० टक्के अल्कोहोलमध्ये बुडवायचं, ज्योतीवरून फिरवायचं, लॅमिनारमध्ये, म्हणजे गाळलेल्या हवेच्या कपाटात, चिरून बी थेट पोषक माध्यमावर. पक्क्या बियांची गोष्ट वेगळी. कवच पाणी धरू देत नाही आणि उगवण घसरते. उललेल्या बोंडात तर हवेतली बुरशीही शिरलेली.

पण हे बोंड सात महिन्यांचं होतं ना? कुंडीवर पराग लावल्याची मार्चची चिठ्ठी होती आणि आता ऑक्टोबर. नोंदवही उघडली तेव्हा कळलं, कुंड्या बदलताना दोन झाडांच्या चिठ्ठ्यांची अदलाबदल झाली होती. उललेलं बोंड डिसेंबरचं होतं, दहा महिन्यांचं.

बी पिठासारखं. श्वास जोरात सोडला तरी उडतं. चिमूटभर बी टेट्राझोलियमच्या १ टक्का द्रावणात अंधारात ठेवलं. जिवंत गर्भ दुसऱ्या दिवशी लाल दिसतात. उरलेल्याचे तीन भाग केले, कारण धुण्याची वेळ किती हे आधी सांगता येत नाही. नायलॉनची जाळी बसवलेल्या सिरिंजमध्ये बी, १ टक्का सोडियम हायपोक्लोराइट आणि ट्वीन-२० या साबणासारख्या द्रवाचा एक थेंब. ट्वीन नसेल तर बियांचे गोळे होतात, आतली कोरडीच राहतात आणि तिथूनच बुरशी फुटते. वेळा २०, ४० आणि ६० मिनिटं. क्लोरिन जंतू मारतो तसंच कवचही सैल करतो. म्हणून पक्क्या बियांना जास्त वेळ लागतो, पण अति झालं की गर्भही जातो. नंतर निर्जंतुक पाण्याने चार वेळा धुतलं.

माध्यम पाव ताकदीचं एमएस (मुराशिगे-स्कूग हे क्षारांचं ठरलेलं मिश्रण), कारण या गटातल्या बियांना नायट्रेट जास्त झालेलं चालत नाही. लिटरला साखर २० ग्रॅम, अगार ७ ग्रॅम, कोळशाची पूड १ ग्रॅम, नारळपाणी १०० मिली, पीएच ५.६. एका मोठ्या फ्लास्कऐवजी चोवीस छोट्या बाटल्या भरल्या. एक सडली तर एकच जाते. काळ्या कापडात गुंडाळून २५ अंशांवर ठेवल्या.

चौथ्या दिवशी २० मिनिटांच्या बाटल्यांपैकी बहुतेकांवर पांढरा कापूस. ६० च्या स्वच्छ, पण त्यांतले पुष्कळसे गर्भ दुधाळ होऊन मेले. ४० मिनिटांच्या बाटल्यांत तिसऱ्या महिन्यात हिरवट ठिपके दिसू लागले, थोडेच, पण दिसले.

आणि खरं मार्चचं बोंड? त्यावर डिसेंबरची चिठ्ठी असल्यामुळे उशीर झाला असं समजून ते बाजूला ठेवलं होतं. ते त्याच दुपारी हिरव्या पद्धतीने चिरलं. आता तारीख कुंडीवर नसते. अ‍ॅल्युमिनियमच्या पट्टीवर कोरून थेट फुलाच्या दांड्याला बांधतो.