गावात आता राहतं कोण?

तुम्ही विचारलंत म्हणून सांगतो. मे महिन्यात नाहीतर गणपतीला मुंबईहून आलेलं माणूस पडवीत टेकलं, चहा झाला, की हे विचारतंच: "गावात आता राहतं तरी कोण?"

राजापूर तालुक्यातल्या आमच्या वाडीत कुलूपबंद घरं वाढत चाललीत, हे खरंच. २००१ ते २०११ या दहा वर्षांत महाराष्ट्राची लोकसंख्या वाढली, रत्नागिरी जिल्ह्याची मात्र सुमारे १६ लाख ९७ हजारांवरून १६ लाख १५ हजारांवर आली. सिंधुदुर्गाचीही घटली.

मुंबईला जाणं आपल्याला नवं नाही. गिरण्यांच्या काळात घरटी एकजण तिकडे असायचाच. पण जायचा तो एकटा. बायको, पोरं, म्हातारी इथेच. मनीऑर्डर यायची, भात लागायचं, शाळा भरलेली असायची. २०११ला जिल्ह्यात हजार पुरुषांमागे ११२२ बायका होत्या, त्या त्याच रीतीमुळे. आता लग्न झालं की जोडपं थेट विरार नाहीतर दिव्याला बिऱ्हाड थाटतं, आणि मुलं तिकडच्याच शाळेत जातात.

मग राहतं कोण? म्हातारी माणसं, ती तुम्हाला ठाऊक आहेत. आणि नेपाळी, ज्यांना तुम्ही धरतच नाही. दिवाळीच्या आगेमागे कुटुंबंच्या कुटुंबं येतात, आंबा संपेपर्यंत कलमांत राहतात. फवारणी, वानरांपासून राखण, काढणी, पेट्या भरणं, सगळं त्यांच्याच जिवावर. शेजारच्या बागेतली बाई झेल्याने, म्हणजे काठीला जाळी लावलेल्या साधनाने, आंबा उतरवते तो देठ राखून, कारण चीक ओघळला की साल डागते. हे तिला वाडीतल्याच एका आजींनी शिकवलं. तिची मुलगी आमच्या शाळेत दुसरीला आहे, मराठी कविता घडाघडा म्हणते. संध्याकाळी त्याच आजींना फोन लावून देते, बोरिवलीच्या नातवाशी बोलायला.

पाऊस आला की ही मुलगी परत जाते, कारण बागेतली खोपी पावसात टिकत नाही. तिने इथेच राहावं, तिसरीत, चौथीत इथेच जावं, असं मला फार वाटतं. त्यासाठी एक घर उघडं हवं. आणि आपली घरं सामाईक, एकाच्या होकाराने कुलूप निघत नाही. तेव्हा मे महिन्यात याल, तर त्याआधी चुलत्यांशी, भावांशी बोलून या. भाडं तिची आई द्यायला तयार आहे.