मिलमधला गोलाणू आणि क्लॅरिफायरमधला दंडाणू

गळीत हंगाम ऐन भरात असताना कृष्णाकाठच्या एका साखर कारखान्यातून आमच्या सांगलीच्या प्रयोगशाळेत रसाचे नमुने आले. मिलचा रोलर बिघडून दीड दिवस गाळप बंद होतं. तोडलेला ऊस गाड्यांवर तसाच वाळत उभा राहिला. गाळप सुरू झालं तशी मिलखालच्या रसाच्या पन्हाळात भिजवलेल्या साबुदाण्यासारख्या बुळबुळीत गाठी साचल्या, चाळण्या तुंबल्या, सिरप चिवट झालं आणि पॅनमध्ये (सिरप आटवण्याच्या भांड्यात) साखरेचा दाणा लांबट पडू लागला. कारखान्याने मिलवर जंतुनाशक मारलं, वाफ सोडली. गाठी कमी झाल्या, पण क्लॅरिफायरमध्ये, म्हणजे गरम रसातला गाळ तळाला बसवून तो निवळवणाऱ्या टाकीत, जाणाऱ्या रसाचा पीएच ७ आणि बाहेर येणाऱ्याचा साडेसहाच्या आसपास, हे काही थांबेना. चीफ केमिस्ट फोनवर म्हणाले, ‘‘मॅडम, औषध मारलं, चिकटा गेला, मग आता आंबतंय कुठं?’’

गरम रसाचा पीएच जिवाणूंशिवायही घसरतो. रस जास्त वेळ तापत राहिला की त्यातलं ग्लुकोज-फ्रुक्टोज मोडून आम्लं तयार होतात. म्हणून पीएचच्या आकड्यावरून दोष कुणाचा ते ठरत नाही. पोलचा, म्हणजे रसातून जाणारा प्रकाश किती वळतो त्यावरून काढलेल्या साखरेचा, आकडाही इथे दगा देतो. शिळ्या उसातला चिकटा म्हणजे डेक्स्ट्रान. ल्युकोनोस्टॉक नावाचा गोलाणू (गोल जिवाणू) तो साखरेपासून बनवतो. साखरेचं विशिष्ट वलन अधिक ६६.५ अंश, तर डेक्स्ट्रानचं त्याच्या जवळजवळ तिप्पट. त्यामुळे रसात साखर कमी झालेली असताना पोलारीमीटर ती आहे असंच दाखवतो. उरतो सूक्ष्मदर्शक. तो मिनिटांत उत्तराच्या जवळ नेतो, नमुना नीट घेतला असेल तर.

नमुने पाच जागांचे मागवले होते: प्रायमरी रस (पहिल्या मिलचा), मिक्स रस (सगळ्या मिलचा एकत्र), पहिल्या हीटरनंतरचा रस, क्लॅरिफायरचा वरचा ट्रे आणि खालचा ट्रे. प्रत्येक बाटलीवर जागेवरचं तापमान लिहिलेलं असावं असा आग्रह होता, आणि ते लिहिल्याचा फार उपयोग झाला. मिक्स रस ३२ अंश, हीटरनंतर ७१, वरच्या ट्रेमध्ये ८४ आणि खालच्या ट्रेमध्ये ६१. शेवटचा आकडा बघताच संशय तिकडे वळला.

अशा रसाची स्लाइड दोन प्रकारे करावी लागते, कारण एकाच स्लाइडवर मांडणी आणि आकार दोन्ही खरे दिसत नाहीत. मांडणीसाठी नमुना अजिबात हलवायचा नाही. बाटली जोरात हलवली, सेंट्रिफ्यूज केली किंवा लूपने काचेवर घासली, की साखळ्या तुटतात आणि मग नुसते सुटे गोल आणि जोड्या दिसतात. रुंद तोंडाच्या पिपेटने एक थेंब अलगद उचलायचा, काचेवर ठेवून वर कव्हरस्लिप सोडायची, कंडेन्सर खाली घ्यायचा, डायफ्रॅम अर्धा मिटायचा आणि आधी ४० च्या भिंगाखाली बघायचं. रंग न दिलेला जिवाणू पूर्ण उजेडात दिसत नाही. स्लाइड कोरी वाटते आणि कोरीच म्हणून लिहिली जाते.

मिक्स रसाच्या ओल्या स्लाइडवर लांब साखळ्या होत्या, काही ठिकाणी वीसहून जास्त पेशींच्या. त्याच नमुन्यात चित्रकलेची काळी शाई मिसळली तेव्हा प्रत्येक साखळीभोवती रुंद स्वच्छ पट्टा उमटला. शाईचे कण डेक्स्ट्रानच्या थरात शिरत नाहीत. हे ओलं असतानाच बघायचं. वाळल्यावर पेशी आकसते आणि तिच्याभोवती खोटा पट्टा पडतो.

साखळी कशी बनते हे इथे महत्त्वाचं. गोलाणू एकाच प्रतलात विभागला आणि पिल्लं चिकटून राहिली तर जोडी किंवा साखळी. एकमेकांना काटकोनात असलेल्या दोन प्रतलांत आळीपाळीने विभागला तर चौकडी, जशी पेडिओकॉकसची. तीन प्रतलांत विभागला तर आठांचा ठोकळा, म्हणजे सार्सिना. प्रतलांना काही शिस्तच नसेल तर स्टॅफिलोकॉकससारखा घोस. म्हणजे मांडणी ही पेशी कशी विभागते याची खूण आहे, आणि म्हणूनच ती तुटू देता कामा नये. साखळी दिसली म्हणून तो गोलाणूच असंही नाही. काही दंडाणूही (दांडीसारखे जिवाणूही) टोकाला टोक जोडून राहतात.

दुसरी स्लाइड आकारासाठी आणि ग्रॅम रंगासाठी. या रंगात काही जिवाणू जांभळे राहतात (ग्रॅम-पॉझिटिव्ह), काही गुलाबी होतात (ग्रॅम-निगेटिव्ह). रस थेट पसरून ज्योतीवर धरला तर साखर जळून तपकिरी थर बसतो, रंग त्यातच अडकतो आणि धुताना थरच निसटतो. म्हणून रस ०.८५ टक्के मिठाच्या पाण्यात दहापट पातळ करायचा, ३००० फेऱ्यांवर १० मिनिटं फिरवायचा, वरचं पाणी ओतून टाकायचं आणि हे दोनदा करायचं. तळाचा साका पातळ पसरून हवेवर वाळवायचा आणि ज्योतीऐवजी मिथेनॉलने २ मिनिटं स्थिर करायचा. नंतर क्रिस्टल व्हायोलेट १ मिनिट, आयोडीन १ मिनिट, ९५ टक्के अल्कोहोल साधारण १५ सेकंद, शेवटी सॅफ्रॅनिन ३० सेकंद. सगळा घोळ अल्कोहोलच्या पायरीला होतो. थर जाड असेल तर जांभळा रंग निघतच नाही आणि वेळ लांबली तर खरा जांभळाही गुलाबी होतो.

मिक्स रसातल्या पेशी जांभळ्या होत्या, पण कारखान्याच्या प्रयोगशाळेने त्यांची नोंद ‘आखूड दंडाणू’ अशी केली होती. ती का झाली असेल हे स्लाइड बघून कळलं. ल्युकोनोस्टॉकची पेशी खरी गोल नसते, मसुराच्या डाळीसारखी दोन्ही टोकांना निमुळती असते. रुंदी ०.५ ते ०.७ मायक्रॉन, लांबी ०.७ ते १.२ मायक्रॉन. आम्ल वाढलं की ती आणखी ताणते, आणि लांबी रुंदीच्या दुप्पट झाली की डोळा तिला दंडाणू ठरवतो. त्यासाठी दोन कसोट्या आहेत. दंडाणूच्या बाजू समांतर असतात, ताणलेल्या गोलाणूच्या बाजू कडेला वळतात. आणि लांबट पेशीच्या मध्यावर विभागणीची खाच दिसते का ते बघायचं. खाच असेल तर ती दोन होऊ घातलेली पेशी आहे.

मोजमाप अंदाजाने करू नये. नेत्रिकेतली मोजपट्टी आधी स्टेज मायक्रोमीटरवर जुळवून घ्यायची. त्याचा एक भाग १० मायक्रॉनचा असतो. १०० च्या भिंगाखाली नेत्रिकेचे १०० भाग स्टेजच्या १० भागांशी जुळले तर नेत्रिकेचा एक भाग १ मायक्रॉन. भिंग बदललं की पुन्हा जुळवायचं. त्याच रसात यीस्टही असतं, पाच मायक्रॉनपेक्षा मोठं. शेजारी यीस्टची पेशी दिसली की मोजमापात ढोबळ चूक राहत नाही.

आता क्लॅरिफायर. वरच्या ट्रेच्या स्लाइडवर तुरळक जांभळे गोलाणू होते. ते बघून ल्युकोनोस्टॉक तिथेही पोचला असं लिहिणं सोपं होतं, पण रंग मेलेल्या पेशीलाही चढतो. हा जिवाणू २५ ते ३० अंशांत सुखी असतो आणि हीटरच्या ७० अंशांत मरतो. तोच रस साखरेच्या आगरवर ३० अंशांत ठेवला तर ४८ तासांत काही उगवलं नाही. मिक्स रसाच्या आगरवर मात्र तेवढ्याच वेळात पाणीदार, लिबलिबीत वसाहती पसरल्या होत्या.

खालच्या ट्रेची स्लाइड वेगळीच निघाली. गुलाबी, फिकट जोड्या, म्हणजे ग्रॅम-निगेटिव्ह डिप्लोकॉकस असल्यासारख्या. पण ६१ अंशांच्या रसात असा डिप्लोकॉकस वाढेल कसा? मग मोजलं. ‘जोडी’ची पूर्ण लांबी ३ मायक्रॉन, दोन्ही ‘गोलां’च्या बाहेरच्या कडा एका सरळ रेषेत, आणि मधली जागा कोरी असली तरी तिला स्पष्ट गोलसर कड. तो एकच दंडाणू होता. मधली कोरी जागा बीजाणूची, म्हणजे वाईट काळात तग धरणाऱ्या त्याच्या सुप्त रूपाची, कारण बीजाणूचं कवच ग्रॅमचा रंग आत घेत नाही. जुन्या, उपाशी पेशींची भिंत जांभळा रंग धरून ठेवत नाही, म्हणून ग्रॅम-पॉझिटिव्ह दंडाणूही गुलाबी दिसले. ओल्या स्लाइडवर तेच बीजाणू लख्ख चकाकत होते आणि बहुतेक मध्यापासून थोडे एका टोकाकडे सरकलेले होते.

खात्रीसाठी मॅलकाइट ग्रीनचा ५ टक्के द्राव स्लाइडवर ओतून खालून ५ मिनिटं वाफ दिली. द्राव आटू द्यायचा नाही, उकळूही द्यायचा नाही. पाण्याने धुऊन सॅफ्रॅनिन ३० सेकंद. बीजाणू हिरवे, पेशी लाल. याच रसाची प्लेट ५५ अंशांत ठेवली. तिथे नेहमीचं पातळ आगर सुकून तडकतं, म्हणून प्लेटमध्ये २५ मिलिलिटर माध्यम ओतायचं आणि ओल्या कापसासह पिशवीत बंद करायचं. दुसऱ्या दिवशी भरघोस वाढ होती, त्याच दंडाणूंची. ३ टक्के हायड्रोजन पेरॉक्साइडच्या थेंबाने तिथे फेस आला, मिक्स रसातल्या गोलाणूंना आला नाही, म्हणजे दोन्ही जिवाणू वेगळे. आकारावरून प्रजातीचं नाव पक्कं होत नसतं, पण ही लक्षणं जिओबॅसिलस स्टिअरोथर्मोफिलसच्या गटाची आहेत. ५५ ते ६५ अंश ही त्याची आवडती जागा, आणि खालच्या ट्रेमध्ये नेमकं तेच तापमान होतं.

दोन्ही त्रास एकाच बंदमुळे झाले होते. यार्डातल्या उसात आणि मिलच्या थंड कोपऱ्यांत गोलाणू माजला. क्लॅरिफायर रिकामा न करता भरलेला ठेवल्यामुळे रस ९५ अंशांवरून हळूहळू उतरला, मातीबरोबर आलेले बीजाणू जागे झाले, आणि नंतरही तळाच्या गाळात ते टिकून राहिले. मिलवरचं औषध त्यांच्यापर्यंत पोचण्याचा प्रश्नच नव्हता. पोचलं असतं तरी बीजाणूला त्याने काही झालं नसतं.

मिलसाठी सांगितलं ते असं: आधी पन्हाळ आणि चाळण्या खरवडून वाफेने धुवा, मग जंतुनाशक सोडा, कारण डेक्स्ट्रानच्या थराखाली औषध उतरत नाही. एकदाच भसकन ओतण्यापेक्षा थेंबथेंब सतत सोडलेलं चांगलं. शिळा आणि जळका ऊस आधी गव्हाणीत घ्या, तोडणीपासून २४ तासांच्या आत गाळप होईल असं बघा. क्लॅरिफायरसाठी एकच काम होतं: तळाचा गाळ आणि जुना रस पूर्ण काढून टाकायचा, आणि कुठल्याही ट्रेचं तापमान ७५ अंशांखाली येऊ द्यायचं नाही. लांबट दाण्याची साखर पुन्हा विरघळवण्यावाचून मार्ग नव्हता, कारण रसात शिरलेलं डेक्स्ट्रान रस उकळून जात नाही.

गाळ काढल्यानंतरच्या नमुन्यात खालच्या ट्रेमधला रस ८१ अंशांवर होता. आत आणि बाहेरचा पीएच जवळजवळ सारखा. स्लाइडवर वाढणारे दंडाणू दिसले नाहीत, सुटे हिरवे बीजाणू मात्र काही होते. ते रोज मातीबरोबर येणारच, म्हणून कारखान्याने आता खालच्या ट्रेलाही स्वतंत्र थर्मामीटर बसवला आहे आणि दर पाळीला त्याची नोंद होते.