२९४ आणि ११४

शाळेच्या स्मरणिकेसाठी काहीतरी लिहून दे असा कमिटीतल्या मित्राचा फोन आला तेव्हा पहिल्यांदा वाटलं की गॅदरिंग, कबड्डीच्या मॅचेस, मधल्या सुट्टीतली बोरं, यावर बाकीचे लिहितीलच. ते सगळं माझ्याही मनात आहे, पण मला लिहायचंय वाटाण्यावर. प्रयोगशाळेच्या मागे नळाजवळ एक छोटा वाफा होता, आता तिथे सायकल स्टँड आहे, त्या वाफ्यातल्या वाटाण्यावर.

मी १९९५ ची दहावीची बॅच. आपले विज्ञानाचे सर, नाव लिहीत नाही कारण त्यांना ते आवडलं नसतं आणि आमच्या काळातल्यांना नाव सांगायची गरजही नाही, ते सोमवार ते शनिवार आम्हाला विज्ञान शिकवायचे आणि रविवारी चर्चमध्ये आमचा शब्बाथशाळेचा, म्हणजे मुलांना बायबल शिकवायचा वर्ग घ्यायचे. मंडळीचे, म्हणजे आमच्या चर्चच्या सभासदांचे, पंचही होते. त्यामुळे आम्हा ख्रिस्ती पोरांना ते आठवड्याचे सातही दिवस असायचे.

आठवीच्या हिवाळ्यात त्यांनी दोन प्रकारचा वाटाणा लावला. एक किराणा दुकानातला पांढरा, गोल गुळगुळीत, आणि दुसरा बियाण्याच्या दुकानातला, वाळला की सुरकुततो तो. कळी उमलायच्या आत चिमट्याने तिच्यातले दहाच्या दहा पुंकेसर काढायचे, दुसऱ्या जातीचे परागकण बारीक ब्रशने लावायचे आणि वर कागदाची पिशवी बांधायची. चिमटा माझ्या हातात होता. पहिल्या पाच-सहा कळ्या मी अक्षरशः चुरगाळल्या, सर काही बोलले नाहीत, फक्त म्हणाले, "श्वास रोखून धरू नकोस, हात थरथरतो." शेवटी १३ दाणे मिळाले, सगळे गोल. सुरकुती गेली कुठे विचारलं तर म्हणाले, आतच आहे, पुढच्या वर्षी बघ.

तेव्हाच त्यांनी सांगितलं की हा प्रयोग पहिल्यांदा ज्याने केला तो ग्रेगोर मेंडेल एक ख्रिस्ती संन्यासी होता, आताच्या चेक देशातल्या ब्रनो गावच्या मठातला, १८६५ साली त्याने तो वाचून दाखवला आणि १९०० पर्यंत कुणी फारसं मनावर घेतलं नाही. माझ्या डोक्यात तोपर्यंत असं होतं की विज्ञान एका बाजूला आणि चर्च दुसऱ्या बाजूला, आणि मोठं झालं की कुठलीतरी एक बाजू धरायची असते. मठाच्या बागेत वाटाणे मोजत बसलेला माणूस दोन्हीकडे एकदम कसा बसतो ते मला कळेना.

मग नववीत किल्लारी झालं. ३० सप्टेंबर १९९३, गुरुवार, आदल्या दिवशी अनंत चतुर्दशी, लोक विसर्जन करून उशिरा झोपलेले आणि पहाटे चारच्या आसपास भूकंप. लातूर-उस्मानाबाद भागात हजारो माणसं गेली. सरांनी वर्गात फळ्यावर घराची आकृती काढून दाखवलं, दगड-मातीच्या जाड भिंती, वर मातीचं जड माळवद, भिंत सुटली की अख्खं माळवद झोपलेल्या माणसांवर. ते मला समजलं. पण येत्या रविवारी बाहेरून आलेल्या एका वक्त्याने उपासनेत सांगितलं की हा पापाचा दंड आहे, आणि ते काही केल्या घशाखाली उतरेना. आमच्या वयाची, पाळण्यातली पोरं त्या माळवदाखाली होती, त्यांचं कसलं पाप?

शब्बाथशाळेत मी रागानेच विचारलं, सर मग देव तेव्हा काय करत होता? वर्ग एकदम गप्प. सर बराच वेळ खिडकीबाहेर बघत होते. मग त्यांनी लूकच्या शुभवर्तमानातला तेरावा अध्याय काढायला सांगितला, शिलोहातला बुरूज पडून अठरा माणसं मेली तो भाग. येशू तिथे विचारतो की ती अठरा माणसं यरुशलेमात राहणाऱ्या बाकीच्यांपेक्षा जास्त अपराधी होती असं वाटतं का तुम्हाला, आणि स्वतःच नाही म्हणतो. "दंड आहे म्हणणाऱ्याला हे उत्तर आहे," सर म्हणाले, "तुझ्या प्रश्नाला नाही. तुझ्या प्रश्नाला माझ्याकडे उत्तर नाही." आणि बायबलमधल्या दुःखाने खचलेल्या ईयोबाचे मित्र सात दिवस त्याच्याजवळ जमिनीवर गप्प बसले होते, ते बोलायला लागल्यावर बिघडलं, एवढं सांगून त्यांनी वर्ग सोडला. त्या दिवशी मला वाईट वाटलं, खरं सांगतो, मला वाटलं होतं सरांकडे सगळ्याचं उत्तर असतं. आज मला वाटतं की त्या रविवारी त्यांनी घाईने काहीतरी जुळवून सांगितलं असतं तर मी तिथेच तुटलो असतो.

याच काळात आपले गणिताचे सर, जे देव वगैरे काही मानत नव्हते आणि ते उघडपणे सांगायचे, ते दिवाळीची अख्खी सुट्टी भूकंपग्रस्त गावात जाऊन राहिले. परत आले तेव्हा निम्मे झाले होते, हाताला पट्ट्या. चर्चमध्ये तर आम्ही ऐकलेलं की देवाचं भय नसेल तर माणूस चांगला वागूच शकत नाही. हा प्रश्न मी विज्ञानाच्या सरांना व्हरांड्यात विचारला, तर म्हणाले, येशूच्या गोष्टीत जखमी माणसाला बघून याजक आणि लेवी, म्हणजे देवळातलीच माणसं, बाजूने निघून गेले, थांबला तो शोमरोनी, धर्माने परका. "तो शोमरोनी मला रोज स्टाफरूममध्ये दिसतो रे. मला त्याच्याबद्दल प्रश्न पडत नाही, आपल्याबद्दल पडतो." ते दोघं रोज एका डब्यात जेवायचे आणि रोज वाद घालायचे, हे ज्यांनी पाहिलंय त्यांना आठवत असेल.

त्या १३ दाण्यांपैकी ११ उगवले. फेब्रुवारीत शेंगा वाळल्या, मोजायचं काम माझ्याकडे. मी ताटात ओतून दहा-दहाचे ढीग केले आणि आकडा आला २९४ गोल, ११४ सुरकुतलेले. एकूण ४०८. मेंडेलच्या हिशेबाने एका सुरकुतलेल्यास तीन गोल यायला पाहिजे होतं, म्हणजे ३०६ आणि १०२. मला वाटलं माझाच प्रयोग चुकला, दीड वर्ष वाया गेलं, आणि मी वहीत सरळ ३०६ आणि १०२ लिहिलं.

सरांनी वही बघितली आणि मी मोजून बाटल्यांमध्ये भरलेले दाणे परत ताटात ओतले. एक शब्द न बोलता मोजायला बसले, मी समोर उभा, बाहेर पी.टी. चालू होती त्याची शिट्टी ऐकू येत होती. मोजून झाल्यावर म्हणाले, बारा दाणे कुठनं आणलेस? मला रडूच फुटलं. त्यांनी माझ्याकडून तो आकडा खोडून खरा लिहून घेतला, बाटल्यांच्या लेबलवरसुद्धा, आणि म्हणाले की एवढ्याशा दाण्यांत इतका फरक पडतोच, मेंडेलने मोजले तेव्हा ५४७४ गोल आणि १८५० सुरकुतलेले आले, त्यालाही बरोब्बर तीन आलेलं नाही. मग जे म्हणाले ते मी आयुष्यभर बरोबर घेऊन फिरतोय. "सत्य देवाचं असेल तर त्याला तुझ्या बारा दाण्यांची गरज नाही. आणि हे फक्त वाटाण्याचं नाही, उद्या मंडळीत उभा राहून साक्ष देशील, देवाचा तुझा अनुभव सांगशील, तेव्हा पण ११४ चे १०२ करू नकोस."

पुढे मी राहुरीला कृषी विद्यापीठात शिकलो आणि आज बियाणं तपासायच्या कामात आहे. शंभर-शंभर दाण्यांचे चार गठ्ठे ओल्या कागदात गुंडाळायचे आणि किती उगवले ते मोजायचं, रोजचंच. कॉलेजात कळलं की १९३६ साली फिशर नावाच्या संख्याशास्त्रज्ञाने दाखवलं होतं की मेंडेलचे आकडे अपेक्षेपेक्षा जरा जास्तच नीटस जुळतात, त्यावर अजून चर्चा चालते, आणि हे वाचताना मला माझी वही आठवली. सरांना सांगितलं तर म्हणाले, मेंडेल संत नव्हता म्हणून वाटाणा खोटा ठरत नाही.

उत्क्रांती शिकताना होस्टेलवर खूप वाद झाले. एकीकडे आमच्याच प्रार्थना ग्रुपमधले मित्र म्हणायचे देवाने सहा दिवसांत जग घडवलं ते म्हणजे चोवीस तासांचे सहा दिवस, नाहीतर तू विश्वासणारा नाहीस, आणि दुसरीकडे रूममेट म्हणायचा इतकं शिकून बायबल कसं वाचतोस. सरांनी शाळेतच एक प्रश्न टाकून ठेवला होता, बायबलच्या उत्पत्ती या पहिल्या पुस्तकात सूर्य चौथ्या दिवशी येतो तर पहिले तीन दिवस कशाने मोजले? म्हणजे ते वाचायची पद्धतच वेगळी असली पाहिजे, आणि हे विज्ञानाला घाबरून काढलेलं उत्तर नाही, पंधरा-सोळाशे वर्षांपूर्वी ऑगस्टिन हा चर्चचा धर्मगुरू या अध्यायांवर लिहिताना सांगून गेलाय की निसर्गाबद्दल अडाण्यासारखं बोलून ख्रिस्ती माणसाने पवित्र शास्त्राची, म्हणजे बायबलची, अब्रू घालवू नये. विश्व एका बिंदूतून पसरलं ही कल्पना मांडणारा लेमेत्र तर कॅथलिक फादरच होता, आणि १९५१ मध्ये पोपने त्यात निर्मितीचा पुरावा बघितला तेव्हा त्यालाच ते पटलं नव्हतं. विज्ञानाच्या जोरावर देव सिद्ध करायची घाई त्याला नव्हती. मला हा माणूस फार जवळचा वाटतो.

पण खरी परीक्षा वादात झाली नाही, ती २००४ मध्ये आईच्या आजारात झाली. किडनी. मंडळीतल्या लोकांनी उपास केले, रात्र-रात्र प्रार्थना केल्या, त्यांचं प्रेम मी विसरणार नाही, पण सारखं सांगायचे, विश्वास ठेव, ती उठणारच. आई उठली नाही. अंत्यविधीनंतरच्या उपासनेत मला साक्ष द्यायला उभं केलं आणि सगळ्यांना अपेक्षा होती की मी म्हणेन देवाच्या योजनेत सगळं चांगलंच असतं. माझ्या डोळ्यापुढे ते ताट आलं. मी म्हणालो, आम्ही मागितलं होतं आणि मिळालं नाही, मला का ते माहीत नाही, आणि मी खाली बसलो. काही जण दुखावले. सर मागच्या बाकावरून उठून पुढे आले आणि माझ्या शेजारी येऊन बसले, बस, एवढंच.

त्यानंतर जवळजवळ तीन वर्षं मी चर्चला गेलो नाही. मधूनच त्यांचं पोस्टकार्ड यायचं, पावसाची खबर, कुणाचं लग्न, आणि शेवटी एकच वाक्य की तुझ्या जागेवर कुणी बसलेलं नाही. लक्ष्मीबाई टिळकांचं उदाहरण एकदा दिलं होतं, त्यांचे पती, कवी नारायण वामन टिळकांनी, १८९५ ला बाप्तिस्मा घेतला आणि लक्ष्मीबाईंनी १९०० ला, मधली पाच वर्षं बाईंनी स्वतःच्या मनाशी भांडून काढली, नवऱ्याने हाताला धरून ओढलं म्हणून नाही. मी परत गेलो तो कुठला मुद्दा पटला म्हणून नाही. नाताळच्या आधीच्या एका रविवारी गेलो, मागच्या बाकावर बसलो, टिळकांचं भजन चालू होतं, आवाज फुटेना, पण उठूनही जाववेना. शंका गेलेली नाही. आजही कुठल्या लहान मुलाचं काही ऐकलं की शिलोहाचा बुरूज आठवतो आणि रात्री प्रार्थना करताना तोच प्रश्न विचारतो, पण आता तो मी देवालाच विचारतो.

सर गेले त्याच्या महिनाभर आधी भेटलो होतो. आवाज अगदी बारीक झालेला. मी विचारलं, सर भीती वाटते का, तर म्हणाले, रात्री कधी कधी वाटतं रे पलीकडे कुणी नसलं तर, सकाळी वाटतं आहे. आणि मग विचारलं, बाटल्या आहेत का अजून?

आहेत. गेल्या उन्हाळ्यात मी मुद्दाम शाळेत येऊन बघितलं. प्रयोगशाळेतल्या डाव्या कपाटात खालच्या फळीवर, कडुलिंबाचा पार भुगा झालेला पाला, झाकणांना गंज, लेबलवर माझ्या अक्षरातलं खोडलेलं ३०६ आणि खाली २९४. कमिटीला हात जोडून विनंती आहे की अमृतमहोत्सवानंतर जुनी इमारत पाडताना ते कपाट भंगारात द्यायच्या आधी मला एक फोन करा, मी गाडी घेऊन येतो.